यंदा मॉन्टूटवर गाणं नाही

लॉर्ड पेलिकनचं शेवटचं गाणं संपलं, त्यानं छातीवर हात ठेवून मान लववली, पडदा पडला, आणि तरीही ऑरेलियस मॉन्टूटचं नाव कुणाच्या तोंडून आलं नाही ते नाहीच. पहिल्या रांगेत मधोमध बसलेल्या मुख्यमंत्री मॉन्टूटनं डोक्यावरची टोपी मुद्दाम काढली नव्हती. मागच्यांना दिसत नसणार हे त्याला कळत होतं, पण टोपी हवीच होती. गावाची रीतच तशी. कार्निव्हलच्या आधी तंबूत कॅलिप्सो, म्हणजे टिंगलीची गाणी, म्हणणारे ज्याची टर उडवतील त्यानं गाणं संपेपर्यंत मुकाट बसायचं, मग उभं राहायचं, टोपी काढायची आणि गायकाकडे बघून हसायचं. हसला की सुटला. पुढं वर्षभर त्या गोष्टीवरून त्याला कुणी टोचायचं नाही. दोन घरं सांभाळणारा पोस्टमास्तर असाच सुटला होता, दुधात पाणी घालणारा गवळी सुटला होता, आणि स्वतःच्याच प्रवचनात डुलकी लागलेले फादरसुद्धा. तंबू म्हणजे खरं तर शाळेचा हॉल, पण कोणे एके काळी तिथं शिडाच्या कापडाचा तंबू होता म्हणून आजही सगळे तंबूच म्हणतात. मॉन्टूट तयारीनं आला होता. दुपारी दार लावून आरशासमोर हसूनही बघितलं होतं. त्याच्या हिशेबानं यंदा विषयांची काही ददात नव्हती. नदीवरचा पूल अलीकडच्या काठावरून निघाला होता तो वर्ष झालं तरी पलीकडं पोचायला तयार नव्हता. लंडनच्या परिषदेत तो उसना ओव्हरकोट घालून गेला होता आणि बाह्या बोटांपर्यंत आल्या होत्या, तो फोटो इथल्या न्हाव्याच्या दुकानात लागला होता. यातलं काहीतरी येईल, निदान पूल तरी येईल. पण आलं काय, तर क्रिकेटच्या संघावर एक, विधवेच्या पोपटावर एक, अमेरिकन खलाशांवर दोन. खारवलेल्या माशाच्या भावावरचं गाणं तेवढं जवळ आलं होतं. गाणारा 'आणि हे सगळं कुणामुळं, कुणामुळं' इथपर्यंत आला, थबकला, आणि 'देवामुळं' म्हणून मोकळा झाला. लोक हसले, पण ते हसणं मॉन्टूटच्या मानेला मागून लागलं. त्याची जीभ आपोआप उजव्या बाजूच्या दाढेच्या खड्ड्यात गेली. गेल्या वर्षी ती दाढ काढल्यापासून जिभेला ही खोडच लागली होती. जरा काही बिनसलं की ती तिथं जाऊन बसायची.

बाहेर पडताना सगळा तंबू उभा राहिला. आत येतानाही राहिला होता. मुख्यमंत्री झाल्यावर पहिल्या वर्षी लोक असे उभे राहिले तेव्हा त्याला गंमत वाटली होती, खोटं कशाला सांगा, बरंही वाटलं होतं. गोदीच्या चिखलात वाढलेल्या पोरासाठी बॅरिस्टर आणि मळेवाले खुर्च्या सरकवून उभे राहतात म्हणजे काय. आज मात्र त्याला त्या दोन रांगांमधून चालताना वाटत होतं की कुणीतरी बोलावं, कुणीतरी 'काय कंदील, वाचलास यंदा' असं म्हणावं. कंदील हे त्याच्या वर्तमानपत्राचं नाव आणि त्यावरून त्याचंही. वीस-पंचवीस वर्षं या गावानं त्याला दुसऱ्या नावानं हाक मारली नव्हती. मासळीबाजारातून 'ए कंदील, माझी तक्रार छापलीस का रे मेल्या' अशी आरोळी आली की अख्खा बाजार हसायचा आणि तो टोपी काढायचा. आज लोक नुसतेच अदबीनं बघत होते, आणि दारातल्या पोलिसानं तर टाचा जुळवल्या.

गाडीत युजेनी खुशीत होती. चला, एक वर्ष तरी सुखाचं गेलं, गेल्या साली या गाडीवरून काय काय ऐकावं लागलं होतं, ती म्हणाली. मग तिनं पंख्यानं वारा घेता घेता कोपरानं त्याला ढोसलं. "कोणी नावं ठेवली नाहीत तर तुम्हांला घास उतरत नाही की काय? चांगल्या घरची माणसं शांततेसाठी नवस बोलतात." तो म्हणाला, शांतता कुठं आहे, त्या सगळ्यांनी मला वगळलंय. युजेनी हसली. तिच्या माहेरी कोको वाळवायची मोठी अंगणं होती आणि तंबूत जाणं तिच्या वडिलांना कधी पसंत नव्हतं. नाव न घेणं म्हणजे मान देणं असं तिच्या घरात समजत. तिला काय सांगणार की या बेटावर ज्याच्यावर गाणं होत नाही असे दोनच प्रकार, एक मेलेला आणि दुसरा गव्हर्नर. आणि निवडणूक तर पावसाळ्याआधीच होती.

गव्हर्नर. ते आठवलं की अजून त्याच्या अंगावर मूठभर मांस चढायचं. तेव्हा तो तिशीतही नव्हता. बार्बाडोसहून मोडकळीला आलेला छापखाना आणून त्यानं एका गुदामात कंदील काढला होता. लेख लिहायचा तो, जुळणी करायचा तो, आणि शनिवारी खांद्यावर गठ्ठा घेऊन ओरडत विकायचाही तोच. आई गोदीवर पाटी घेऊन माशाचे वडे विकायची आणि वडे बांधायला जुने अंक वापरायची, त्यामुळं ज्यांना वाचता येत नव्हतं त्यांच्याही घरी कंदील जात होता. कार्निव्हलला तो गाण्यांचे कागद छापायचा. पेलिकननं त्या साली गव्हर्नरच्या कुत्र्यावर गाणं केलं होतं. कुत्र्याला रोज मटण आणि मळ्यावरच्या माणसाला उकडलेलं फणसासारखं ब्रेडफ्रूट, एवढंच गाणं, पण चाल अशी की ऐकणाऱ्याचे पाय थांबेनात. गव्हर्नरसाहेब पहिल्या रांगेत होते. गाणं अर्ध्यावर आलं आणि ते उठले. ना हसले, ना टोपी काढली. काठी टेकत मधल्या वाटेनं चालत बाहेर गेले, आणि मागं तंबूत असा सन्नाटा पसरला की पेलिकनच्या तोंडातला शब्द तोंडातच राहिला. दुसऱ्या दिवशी सकाळी छापखान्याला टाळं, पेलिकन आणि मॉन्टूट दोघेही तुरुंगात. एकाच कोठडीत, एकाच ताटात. पेलिकन तिथं भिंतीवर बोटांनी ठेका धरायचा आणि म्हणायचा, अरे ऑरेल, तू एक दिवस त्या खुर्चीवर बसशील ना, तेव्हा तुझी अशी साल काढतो बघ. आणि मॉन्टूट म्हणायचा, काढ रे, मी उभा राहून टोपी काढीन. सुटून आले तेव्हा अर्धं गाव फाटकाशी होतं. पुढं मतदानाचा हक्क आला, कामगारांचा पक्ष आला, निवडणुका आल्या, पण मॉन्टूटच्या मनात सगळ्याचा आरंभ त्या कोठडीतल्या ठेक्यापासून होता. भाषणात ती गोष्ट तो हमखास सांगायचा. लोकांना ती तोंडपाठ झाली होती.

मग आज काय झालं? रात्र त्यानं कूस बदलत काढली. आपण जुने झालो का? की लोक एवढे चिडलेत की थट्टासुद्धा करावीशी वाटत नाही? की पेलिकनच आपल्यावर रुसलाय? शेवटचं त्याच्या दुकानी कधी गेलो होतो? मुख्यमंत्री झाल्यावर एकदा, तेव्हा त्यानं रम काढली होती आणि आपण, डॉक्टर नको म्हणतात, असं म्हणालो होतो. ते खरंच होतं. पण पेलिकननं बाटली पुन्हा फडताळात ठेवली ती कशी ठेवली, तेही त्याला आता आठवायला लागलं. गेल्या वर्षीचं ते पोर, यंग हॉर्नेट, त्यानं गाडीवर गाणं केलं होतं. गाडी एवढी लांब की तिचा दिवा पोलीसचौकीत आणि शेपूट चर्चमध्ये, आणि बेट एवढं आखूड की चौथा गिअर टाकायला समुद्रात जावं लागतं. मॉन्टूटला ते खरोखर आवडलं होतं. खदखदून हसावं असं होतं. पण त्या दिवशी दाढेनं त्याचा जीव नकोसा केला होता. गाल सुजून लिंबाएवढा झालेला, लवंग दाबून दाबून तोंड बधिर झालेलं, आणि गाण्याच्या मध्यावर अशी कळ आली की डोळ्यांपुढं अंधारी आली. तो उठला आणि तोंडावर रुमाल धरून थेट डॉक्टरकडे गेला. डॉक्टरनं त्याच रात्री दाढ उपटली. त्यात लपवण्यासारखं काय होतं?

सकाळी शनिवार असूनही तो कचेरीत गेला आणि बांधकामखात्याच्या हॅमिल्टन ग्रेलला बोलावून घेतलं. ग्रेल त्याचा उजवा हात. गोदीच्या संपात दोघं खांद्याला खांदा लावून उभे होते. आता ग्रेलनं पोट वाढवलं होतं आणि बोलण्याआधी दार लागलंय का ते बघायची सवय लावून घेतली होती. मॉन्टूटनं सरळच विचारलं, काल माझ्यावर एकही गाणं का झालं नाही? ग्रेलचा चेहरा फुलला. शाबासकी मिळणार म्हणून पोर जसं अंग चोरून हसतं तसा तो हसला.

"होणार कसं, साहेब? गेल्या सालीच सगळ्यांना कळलंय."

"काय कळलंय?"

"जे कळायचं ते. तुम्हांला बोलावंही लागलं नाही. तुम्ही उठून गेलात, आम्ही समजलो."

मॉन्टूटनं उजव्या गालाकडे बोट दाखवलं. तो म्हणाला, अरे, मला दाढेनं ठार केलं होतं. ग्रेल पुन्हा हसला, ते साहेबांचं बोलणंच असं, या अर्थानं. मग त्यानं अगदी सहज, पुलाचा खांब बदलल्यासारखं, सांगून टाकलं. गाडीवरचं गाणं म्हणणाऱ्या त्या पोराचं खरं नाव ल्यूशस प्रॉस्पर, गोदीवर सरकारी वजनकाट्यावर कामाला होतं. दुसऱ्या दिवशीच त्याला घरी बसवलं. त्यानंतर त्याला बेटावर कुणी काम दिलं नाही, कुणाला सांगावंही लागलं नाही, लोक शहाणे आहेत. केळ्यांच्या बोटीनं तो इंग्लंडला गेला. बर्मिंगहॅमला म्हणे एका कारखान्यात आहे, आई इथंच, टेकडीवर. मॉन्टूटनं विचारलं, आणि हे मला कुणी सांगितलं का नाही? तेव्हा मात्र ग्रेलला नवल वाटलं. त्यानं मान तिरपी करून मॉन्टूटकडे बघितलं. तुम्हांला माहीत नव्हतं असं तुमचं म्हणणं असेल तर तसं, त्याची नजर म्हणत होती.

मॉन्टूट ओरडला असता, पण ओरडून काय सांगणार? त्यानं ग्रेलला जायला सांगितलं, टोपी घेतली आणि गाडी न घेता पायीच निघाला. पेलिकनकडे जायचं. उद्याचा रविवार संपला की सोमवारी मिरवणूक. त्यात पेलिकननं आपल्यावर एक गाणं म्हणावं, वाटेल तेवढं झोंबरं म्हणावं, आणि आपण चौकात उभं राहून टोपी काढावी. गाव हसेल, मोकळं होईल. त्या पोरालाही पत्र घालून बोलावून घेता येईल, काट्यावरची जागा काय, त्याहून बरी देता येईल. चालता चालता त्याच्या मनात हे सगळं इतकं सोपं झालं की पावलं भराभर पडायला लागली. दोन्ही बाजूंना कार्निव्हलची गडबड होती. सैतानांच्या सोंगांची शिंगं उन्हात वाळत घातली होती, पोरं तेलाच्या पिंपांवर ठेका धरत होती. तो जवळ गेला की ठेका बंद पडायचा. पुढं गेला की पुन्हा सुरू व्हायचा. आधी त्याच्या हे ध्यानात आलं नाही. मासळीबाजाराच्या तोंडाशी, जिथं आई बसायची तिथं, आता एक बाई वडे तळत होती. त्याला वाटलं एक वडा घ्यावा, कागदात घ्यावा, तेलकट बोटांनी खात जावं. बाईनं त्याला बघितलं आणि एप्रनला हात पुसत उठली, बाकडं पुसलं, वडे कागदात न देता घरातली चिनीमातीची बशी मागवली. तो नको नको म्हणत राहिला. नळावरच्या बायका काहीतरी गुणगुणत होत्या, त्या गप्प झाल्या आणि बादल्या भरायला लागल्या. त्या काय गुणगुणत होत्या ते त्याला धड ऐकू आलं नाही, पण चाल ओळखीची वाटली. गाडीच्या गाण्याची होती ती. म्हणजे गाणं आहे, गावभर आहे. फक्त आपल्याला ते ऐकायला मिळत नाही. त्याची जीभ पुन्हा खड्ड्यात गेली. ही माणसं आपल्याला भितात, असं त्यानं मनातल्या मनात शब्दांत म्हणून बघितलं. दुसऱ्याच कुणाबद्दल छापल्यासारखं ते वाटलं. अशी बातमी कंदीलकडे आली असती तर पहिल्या पानावर घेतली असती, असा एक विचार आला आणि त्याला त्या विचाराची लाज वाटली. कंदील आता ग्रेलचा मेहुणा चालवत होता. त्यात पुलाचे फोटो येत होते.

पेलिकन शिंपी होता. लॉर्ड पेलिकन हे तंबूतलं नाव, घरचं सेप्टिमस. वर्षभर शाळेचे गणवेश आणि कार्निव्हलला सैतान, राजे, खलाशी. दुकानात पाय ठेवायला जागा नव्हती, सगळीकडे लाल सॅटिन. मॉन्टूटला बघताच तो शिलाईयंत्रावरून उठायला लागला. त्याचे गुडघे कधीच कामातून गेले होते. तुरुंगातल्या ओल्या फरशीनं त्यांची सुरुवात झाली होती. उठायचं म्हणजे एका हातानं टेबल, दुसऱ्यानं भिंत. मॉन्टूटनं घाईघाईनं खांदे दाबून त्याला खाली बसवलं. "बस रे, सेप्टिमस, मेल्या, माझ्यासाठी कसला उठतोस?"

"बसा साहेब," पेलिकन म्हणाला आणि खुर्चीवरचं सॅटिन उचललं. "काल पाय लागले तंबूला, बरं वाटलं."

साहेब. पाय लागले. मॉन्टूटला वाटलं हा थट्टा करतोय, आत्ता डोळे मिचकावील. पण पेलिकन सुईत दोरा ओवत होता आणि दोरा काही केल्या ओवला जात नव्हता. मॉन्टूट बोलायला लागला. आधी पुलाबद्दल, मग ओव्हरकोटाबद्दल, मग एकदम सगळं. दाढ, कळ, डॉक्टर, ग्रेल, ते पोर. आपल्याला ठाऊक नव्हतं हे त्यानं किती वेळा सांगितलं ते त्याचं त्यालाही कळलं नाही. पेलिकन ऐकत होता. मधूनमधून, हो साहेब, खरं आहे साहेब, असं म्हणत होता. शेवटी मॉन्टूट म्हणाला, सोमवारी माझ्यावर एक गाणं म्हण. नागडं कर मला. तू शब्द दिला होतास.

"सोमवारी? आता नवीन कुठून सुचणार? म्हातारं झालं डोकं."

"सुचतं तुला. तुला झोपेत सुचतं."

पेलिकननं सुई टेबलावर ठेवली. दाराकडे एकदा बघून घेतलं. मग हळू आवाजात म्हणाला, "साहेब, माझी नात सरकारी दवाखान्यात नर्स आहे. धाकटा मुलगा रस्त्याच्या कामावर आहे. तुम्ही म्हण म्हणालात तर म्हणावं लागेल. म्हणतो. पण हुकमानं थट्टा कशी करायची ते मला येत नाही, ते तुम्हीच सांगा." त्याच्या बोलण्यात राग नव्हता. असता तर मॉन्टूटला धरायला काहीतरी मिळालं असतं. ग्राहकाशी मापाबद्दल बोलावं तसं तो बोलत होता. मॉन्टूटनं विचारलं, पण तुम्ही सगळ्यांनी असं कसं मानलंत? एक माणूस गाणं चालू असताना उठून जातो, त्याला हजार कारणं असतील. तेव्हा पेलिकननं पहिल्यांदा त्याच्याकडे सरळ बघितलं. त्याआधी उठून जाताना आम्ही एकच माणूस बघितला होता, तो म्हणाला, आणि दुसऱ्या दिवशी काय झालं ते तुम्हीच तर आम्हांला प्रत्येक सभेत सांगता.

बाहेर कुणीतरी पिंपावर ठेका धरला होता. मॉन्टूटच्या डोळ्यांसमोर ती मधली वाट आली. काठी टेकत चाललेली ती पाठमोरी आकृती त्यानं आजवर कितीदा लोकांपुढं उभी केली होती. आवाज खाली आणून, चालून दाखवून. लोक श्वास रोखायचे. आणि गेल्या साली रुमाल तोंडाशी धरून तो स्वतः त्याच वाटेनं गेला तेव्हाही त्यांनी तसाच श्वास रोखला असणार. गेला, तेव्हा सन्नाटा होता का? होता. त्याला वाटलं होतं कळेमुळं आपल्या कानांना दडे बसलेत. त्यानं गालावर हात ठेवला. दुखत काहीच नव्हतं. मग त्याला एक गोष्ट आठवली आणि त्यानं विचारलं, गाणं तिथंच थांबलं का? त्या गव्हर्नरच्या वेळी तुझं थांबलं होतं.

"नाही. पोरगं धीट होतं. पुरं म्हटलं त्यानं. शेवटचं कडवं रिकाम्या खुर्चीकडे बघून म्हणाला."

"कुठलं शेवटचं कडवं?"

"ते तुम्ही ऐकलं नाहीत." पेलिकन म्हणाला आणि पुन्हा सुई घेतली. "जाऊ द्या आता."

मॉन्टूट म्हणाला, म्हण. पेलिकन नको म्हणाला. मॉन्टूट पुन्हा म्हणाला, अरे, पाया पडतो. त्याबरोबर पेलिकन दचकला, देवाशपथ असं बोलू नका म्हणाला, आणि दार लोटून घ्यायला सांगितलं. मुख्यमंत्र्यानं उठून दार लोटलं. पेलिकननं बोटांनी टेबलाच्या कडेवर ठेका धरला, कोठडीच्या भिंतीवर धरायचा तसाच, आणि कुजबुजल्यासारख्या आवाजात, मान खाली घालून म्हटलं:

*काच झाली काळी तरी कंदील आहे घरचा,*
*पुसून घेऊ फडक्यानं, दिवा नको बाहेरचा;*
*मोटारीतला मॉन्टूट हा चिखलातलाच पोर,*
*हसून उभा राहिला, तर पुन्हा त्याचाच जोर!*

शेवटची ओळ लोकांनी म्हणायची असते, पेलिकन म्हणाला, अख्ख्या तंबूला त्यानं आदल्या दिवसापासून शिकवून ठेवली होती. कुणी म्हटली नाही. तो एकटाच दोनदा म्हणाला आणि स्टेजवरून उतरला.

म्हणजे सगळे तयार होते. गाडी, चौथा गिअर, चर्चमधलं शेपूट, सगळं या एका ओळीसाठी रचलेलं होतं, आणि गाव घसा साफ करून बसलं होतं. फक्त आणखी थोडा वेळ ती कळ सोसायला हवी होती. तिकडं बर्मिंगहॅममध्ये ते पोर आत्ता काय करत असेल, थंडीत कुठल्या यंत्रापाशी उभं असेल, कुणाचा ओव्हरकोट घालून? त्याला बोलावून काय सांगायचं? दाढ दुखत होती म्हणून? त्याच्या डोळ्यांत पाणी आलं आणि ते त्यानं पुसलं नाही. वर्ष उलटून गेलेलं होतं, तंबू नव्हता, गाव नव्हतं, लोटलेल्या दाराआड लाल सॅटिनच्या ढिगात एक म्हातारा शिंपी तेवढा होता, पण रीत ती रीत. तो उभा राहिला. टोपी काढली. आरशासमोर बघितलेलं हसू त्याला आठवेना, पण जे काही तोंडावर आलं ते त्यानं येऊ दिलं आणि पेलिकनकडे बघितलं.

पेलिकनचा चेहरा उतरला. त्याची बोटं टेबलावरून गळून पडली. मग एका हातानं टेबल आणि दुसऱ्यानं भिंत धरत, दातावर दात दाबत, तोही उठला. सरळ उभा राहायला त्याला वेळ लागला. राहिल्यावर त्यानं डोक्यावरची कळकट टोपी काढून दोन्ही हातांनी छातीशी धरली आणि नजर खाली केली.

"तू का उठलास?" मॉन्टूटनं विचारलं. "सेप्टिमस, तू बस. तू नाही उठायचं. मी उठायचं."

"बसा ना साहेब," पेलिकन काकुळतीनं म्हणाला. "तुम्ही उभे असलात की आम्हांला बसता येत नाही."